पाण्याची रेघ

पो नदी समुद्राला मिळते तिथली जमीन इतकी सपाट, की संध्याकाळी बांधावर गाय उभी राहिली तर तिची सावली पुढच्या गावात जाऊन चरते, असं तिथले लोक म्हणतात. डोंगर नाही, टेकडी नाही, साधा उंचवटाही नाही. उंच म्हणावं असं दोनच: चर्चचा मनोरा आणि नदीचा बांध. नदी बांधाच्या कुशीतून गावाच्या डोक्यावरून वाहते. खाली अंगणात धुणं वाळत घालणारी बाई मान वर करून नावाड्याला विचारते, "मासळी आहे का रे?" आणि नावाडी आभाळातून बोलावं तसा वरून बोलतो, "वाम आहे, मावशी. अजून वळवळतेय."

जमीन खाली आणि पाणी वर, असा तिथला उफराटा संसार. दिवसरात्र पंप घरघरतात, शेतातलं पाणी उपसून नदीत टाकतात. त्या घरघरीच्या अंगाईवर मुलं झोपतात, आणि कधी ती थांबली तर सगळं गाव दचकून जागं होतं.

अशा गावात नीवेस जन्मली आणि तिला उंच उडीचं वेड लागलं. लोकांना नवल वाटे. तिला वाटत नसे. तिच्या घरात रेघ होती.

रेघ पुराची. ज्या नोव्हेंबरात बांध फुटला तेव्हा नीवेस दोन महिन्यांची होती. बाप इतर पुरुषांबरोबर वाळूची पोती घेऊन बांधावर गेलेला. घर एकमजली, मजुराचं. पाणी दाराखालून आलं, मग दारातून आलं, मग दारच घेऊन आलं. तिची आई, दीर्चे, स्वयंपाकघरातल्या टेबलावर चढली. पाणी टेबलावर चढलं. ते तिच्या छातीला लागलं तेव्हा तिने लेकीला दोन्ही हातांनी डोक्याच्या वर धरलं. पाणी आणखी थोडं चढलं, मग थांबलं, जणू काही विसरलं म्हणून. उजाडता बाप होडी घेऊन खिडकीशी आला, तेव्हा दीर्चे तशीच उभी होती. तिचे हात खाली घ्यायला दोन माणसं लागली.

पाणी ओसरलं आणि चारी भिंतींवर एक तपकिरी रेघ सोडून गेलं. गावात सगळ्यांच्याच घरात. दर वसंतात बाया भिंतींना चुना लावत. रेघेपाशी आलं की कुंचला उचलायचा, आणि रेघेच्या खाली पुन्हा टेकवायचा. असं करा म्हणून कुणी कुणाला सांगितलं नव्हतं. पण ज्या घरात रेघ पुसली ते घर लवकरच तोरिनोला, कारखान्याच्या कामावर निघून गेलं, असं गावाने पाहिलं होतं.

"हात दुखले नाहीत का गं?" लहान नीवेस विचारायची.

"तेव्हा नाही," दीर्चे म्हणायची, आणि मक्याच्या पिठाचा पोलेंता ढवळता ढवळता तिचं ते स्वतःचं गाणं गुणगुणायची. कुणी शिकवलेलं नव्हे, टेबलावर उभं राहून सुचलेलं:

*पाणी गं आलं दारी, दिवा ठेविला फळीवरी,*
*दिव्याच्याही वर बाई, लेक माझ्या तळव्यावरी.*

तर नीवेसने चालायच्या आधी ती रेघ एकदा ओलांडली होती. स्वतःच्या पायांनी ओलांडायची राहिली होती.

*

पुराचा एक गुण असा, की गावाला दोष द्यायला कायमचं कुणीतरी मिळालं. दार घासतंय? पाण्याने फुगलं. पाव फुगत नाही? पिठाच्या डब्याला ओल आली. मामाचा गुडघा धरतो? पाण्यात उभा होता ना. पाद्रीबाबांचं प्रवचन लांबलं तरी मागच्या बाकावरून कुणीतरी पुटपुटे, "पाण्यानंतर हे असंच झालंय बघा." वीस वर्षं झाली, पंचवीस झाली, तरी सगळं खापर पाण्यावरच. आणि पाण्याने कधी उलट उत्तर दिलं नाही.

नीवेस वाढत गेली ती रेघेला खांदा लावून. पाठ भिंतीला टेकवायची, तळवा डोक्यावर धरायचा आणि बघायचं अजून किती. बोरूसारखी सडसडीत झाली, आईच्या डोक्यावर गेली, शाळेतल्या मुलांच्या डोक्यावर गेली. रेघ मात्र वरच राहिली. बाप ती शाळेत असतानाच छातीच्या दुखण्याने गेला. मग घरात दोघी बाया आणि भिंतीवरची रेघ.

शाळेत कसरतीचे शिक्षक होते ओत्तोरिनो. त्यांना सगळा गाव प्रोफ म्हणायचा, त्यांची बायकोसुद्धा. टक्कल, गळ्यात शिट्टी, सायकलच्या दांडीला वामाची टोपली. एकदा ते बांधावरून चालले असताना त्यांना खाली दिसलं, की एक पोरगी पाटाच्या या काठावरून त्या काठावर उडी मारतेय, आणि पाट नुसता ओलांडत नाहीये, त्याच्या वरून हात हातभर उंच जातेय. तेवढ्या उंचीची काही गरज नव्हती.

"काय गं, एवढी वर कशाला?" त्यांनी हाक मारली. "पाट काय चावतो?"

"पाणी आहे ना," नीवेस म्हणाली.

प्रोफनी सायकल आडवी टाकली आणि खाली उतरले. असं तिचं शिक्षण सुरू झालं. बोरूच्या गवताने भरलेली पोती, दोन खांब, मध्ये वेळूची काठी. पुढे पाठीवरून उडायची नवी रीत आली, तेव्हा प्रोफनी नगरपालिकेच्या मागे लागून जाड गादी मिळवली. धावत यायचं, शेवटी विळ्यासारखं वळायचं, दांडीकडे पाठ करायची आणि आभाळाकडे तोंड करून वर जायचं. क्षणभर अंगाखाली काही नाही, अंगावर काही नाही. नीवेसला पहिल्यांदा ते साधलं तेव्हा ती गादीवर पडूनच राहिली. दाट धुकं होतं. दांडी दिसत नव्हती, खांब दिसत नव्हते, प्रोफची फक्त शिट्टी ऐकू येत होती. ती कुठून आली आणि कुठे पडली, कशालाच काही खूण नव्हती. नुसतं पांढरं.

"मेलीस का?" धुक्यातून आवाज आला.

"नाही, प्रोफ. थोडं थांबा."

दीर्चेला ही रीत पसंत नव्हती. "पाण्याकडे पाठ करू नये," ती म्हणायची.

"पाणी नाही गं, आई. दांडी आहे."

"मग तू रोज भिंतीकडे का बघतेस?"



उंच उडीत सगळं सुरुवातीवर असतं. कुठून धावायला निघायचं ती जागा बोटभर चुकली तर उडी हातभर चुकते. मोजायची रीत साधी: खांबापासून पावलाला पाऊल लावून, टाचेला बोट भिडवून मागे जायचं. नीवेस अठरा वर्षांची असताना प्रोफनी आणि तिने मिळून तिचा आकडा ठरवला. साठाच्या वर काही पावलं. नेमकी किती, ते दोघांच्याच पोटात. तो आकडा कुणाला सांगायचा नाही आणि कधी बदलायचा नाही. संताच्या नावाने गळ्यात ताईत घालावा तसा तिने तो आकडा अंगावर वागवला.

त्या आकड्याने तिला कुठे कुठे नेलं. बोलोन्याला नेलं, रोमला नेलं, एकदा देशाचा निळा सदरा घालून परक्या देशातही नेलं. तिथे ती सहावी आली, आणि हॉटेलच्या उशा मऊ होत्या, एवढंच तिला आठवतं. भिंतीवर पदकं लागली, ती रेघेखाली. देशात तिच्याहून उंच उडणाऱ्या होत्या. वर्तमानपत्रात त्यांचे फोटो, तिचं नाव खाली बारीक अक्षरांत. तिला त्याचं फारसं काही नव्हतं. सगळ्यांची वेगवेगळी दांडी असते. तिची दांडी एक मीटर एकोणनव्वदवर होती, कारण तिच्या आईच्या स्वयंपाकघरातलं पाणी तिथवर आलं होतं. तिची सगळ्यात उंच उडी सत्त्याऐंशी. दोन बोटं कमी.

दोन बोटं. नऊ वर्षांत ती दोन बोटं कमी झाली नाहीत.

*

मग तिचं लग्न झालं. नवरा, इवानो, पंपघरात कामाला. माणूस शांत. अंगाला सदा तेलाचा वास, आणि झोपेतही पंपाचा सूर बदलला की उठून बसणार. आल्बा झाली. गोल, पांढरी, पोलेंत्याच्या गोळ्यासारखी मुलगी. नीवेस एक वर्ष उडाली नाही. लेकीला पाजताना खिडकीतून बांध दिसायचा, बांधावरून सरकणारं नावेचं शीड दिसायचं, आणि तिला वाटायचं आपणच तिकडे वर चाललोय, निजल्या निजल्या.

पुढच्या वसंतात तिने पडवीतून खिळ्यांचे बूट काढले. पायात जाईनात. अंगठा दुमडत होता.

"ओलीने आखडले," इवानो म्हणाला.

"आखडायचेच. पडवीला किती ओल आहे," नीवेस म्हणाली.

तिने नवे बूट घेतले, जुने खुंटीला टांगले, मैदानावर गेली, पावलाला पाऊल लावून आपला आकडा मोजला, धावली आणि उडाली. दांडी पडली. पुन्हा उडाली. दांडी पडली. वर जाताना काही लागत नव्हतं. अंग सुरेख वर जात होतं. उतरताना मात्र कंबर दांडीवर यायची. दांडी तिच्याबरोबरच गादीवर येऊन पडायची, मांजरासारखी कुशीत.

"लांबून उडतेस," प्रोफ म्हणाले.

"तिथूनच तर निघाले, प्रोफ. आकडा तोच आहे."

"आकडा तोच आहे, बाई तीच नाही." प्रोफनी डोक्यावरची टोपी मागे सारली. हिवाळ्यात ते निवृत्त व्हायचे होते, आणि ही त्यांची शेवटची पोरगी. त्यांचा आवाज मवाळ झाला. "हे बघ, मूल झालं की पायात भीती उतरते. दांडीजवळ जायला पाय कचरतात. घोडीचंही तसंच असतं. शिंगरू झालं की ती कुंपणापासून लांबून उडते. यात लाज कसली."

"मग सुरुवात थोडी पुढे घेऊ या का?"

"पुढे घेतलीस तर भीतीही पुढे येईल. भीतीला काय, पाय आहेत."

उन्हाळाभर दांडी पडत राहिली. एक सत्तरला पडली, पंच्याहत्तरला पडली, जिथून ती पूर्वी गप्पा मारत उडायची तिथेही पडली. पोरीसोरी तिच्यापुढे जायला लागल्या. आपल्या पायात खरंच भीती आहे का, हे नीवेसला कळेना. रात्री ती पलंगावर पाय ताणून त्यांच्याकडे बघायची, आजारी माणसाकडे बघावं तसं. पाय काही बोलत नसत. शेवटी तिला वाटलं, सगळे म्हणतात म्हणजे असेल. आपल्याला कुणी वर धरलं होतं तोवर आपण हलक्या होतो. आता आपल्या हातात कुणी आहे.

तिने ठरवलं: ऑक्टोबरात जिल्ह्याच्या गावी हंगामातली शेवटची स्पर्धा आहे. तिथे रेघ ओलांडली तर ओलांडली. नाही तर पुन्हा बूट घालायचे नाहीत. ती हे फक्त इवानोला बोलली. तो म्हणाला, "बरं." मग थोड्या वेळाने म्हणाला, "पण तू नुसती बसलेली मला आवडणार नाहीस."

*

स्पर्धेच्या आठवड्यात पाऊस लागला. नदी चढली, पंपघरातल्या माणसांच्या सुट्ट्या रद्द झाल्या. इवानोला जागचं हलता येईना. आल्बाला घेऊन बरोबर कोण जाणार? दीर्चे.

दीर्चेने इतक्या वर्षांत एकदाही लेकीला उडताना पाहिलं नव्हतं. "मी तिला एकदा पाण्याच्या वर पाहिलंय, तेवढं पुरे," म्हणायची. पण आल्बाला परक्या हाती द्यायची नव्हती. आदल्या दुपारी नीवेस माहेरी आली, तर आई स्वयंपाकघरात खुर्चीवर चढून कपाटाच्या माथ्यावर काहीतरी चाचपत होती.

"काय शोधतेस? पडशील."

"शहरात जायचं तर पायात काहीतरी धड नको? ही खेटरं घालून येऊ का?" दीर्चेने वरून कागदात गुंडाळलेलं पुडकं काढलं. आत काळे बूट, टाचेला छोटं पितळी बटण. लग्नातले. तिने खुर्चीवर बसून पाय घातला. पाय अर्धा गेला आणि अडला.

"बघ," ती समाधानाने म्हणाली. "तेव्हापासून हे असेच. पाण्याने आखडले."

नीवेस आल्बाला मांडीवर घेऊन बसली होती. आल्बा टेबलाच्या कडेला चावत होती, त्याच त्या टेबलाच्या. नीवेसने बूट हातात घेतला. कातडं मऊ, चकचकीत, कालच शिवल्यासारखं. शिवणीत मातीचा कण नाही.

"हे कुठे होते गं तेव्हा? पाणी आलं तेव्हा?"

"कुठे म्हणजे? तिथेच. कपाटावर. मीठ, लग्नाचा फोटो आणि बूट, एवढं मी वर टाकलं नि टेबलावर चढले. फोटोही शाबूत आहे, बघ ना."

नीवेसने कपाटाकडे पाहिलं. मग भिंतीकडे पाहिलं. रेघ कपाटाच्या माथ्याच्या खाली होती, चांगली वीतभर खाली.

"आई, तिथवर पाणी आलंच नव्हतं."

"मग?"

"मग बूट आखडले कशाने?"

"हवेत ओल काय कमी होती? आठवडाभर—" दीर्चे बोलता बोलता थांबली. इतकी वर्षं कुणी हे विचारलंच नव्हतं.

"लग्नात बसले होते पायात?"

"नाचले त्यात. पहाटेपर्यंत."

"आणि मी झाल्यावर?"

"तू झाल्यावर घातलेच कुठे? तू झालीस, दोन महिन्यांत पाणी आलं, नंतर घालायला गेले तर..." दीर्चे आपल्या पायांकडे बघत राहिली. रुंद, शिरा आलेले, ओळखीचे पाय. "पाणी नव्हे?" तिने हळूच विचारलं, जणू शेजाऱ्यावर उगाच आळ घेतल्यासारखं.

"पाणी नव्हे. मी."

नीवेसने आल्बाला आजीच्या मांडीत ठेवलं आणि सायकल काढली. घरी जाऊन खुंटीवरचे जुने बूट घेतले, पिशवीतले नवे काढले, आणि तळव्याला तळवा लावून उजेडात धरले. नवा बूट अंगठ्याच्या नखाएवढा लांब होता. नखाएवढाच. पण साठाच्या वर पावलं, आणि दर पावलाला एक नख.

 आकडा तोच होता. आकडा मोजणारं पाऊल वाढलं होतं. ती वसंतापासून रोज इमानदारीने आपल्या जागेच्या मागे जाऊन उभी राहत होती, दोन वितींहून जास्त मागे, तिथून तितक्याच झेपा टाकून येत होती, तितकंच आधी उडत होती आणि दांडीच्या अलीकडे आभाळाला शिवून दांडीवर उतरत होती. उंची गेलीच नव्हती. ती फक्त जिथे हवी तिथे नव्हती.

प्रोफ ओसरीवर वाम सोलत होते. तिने दोन्ही बूट त्यांच्यापुढे धरले. प्रोफनी बघितलं, सुरी खाली ठेवली, पुन्हा बघितलं.

"पाय वाढतो?" ते म्हणाले.

"पोटाबरोबर वाढतो, प्रोफ. पोट परत जातं, तो जात नाही."

प्रोफनी आत तोंड करून बायकोला हाक मारली, "अगं, तुझे पाय वाढले होते का? मुलांच्या वेळी?"

"दरवेळी," आतून आवाज आला. "दोनदा नव्या चपला मागितल्या होत्या. तुम्ही म्हणालात, खर्च बघ."

प्रोफनी हात फडक्याला पुसले. "आणि मी घोडीची गोष्ट सांगत बसलो," ते म्हणाले.

"घोडीलाही नाल बदलावी लागत असेल," नीवेस म्हणाली, आणि दोघं हसत सुटली. टोपलीतली दुसरी वाम निसटून ओसरीच्या पायरीवर आली तरी हसत राहिली.

*

दुसऱ्या दिवशी पाऊस थांबला. मैदानावर पातळ धुकं, त्यात ऊन मिसळलेलं, दुधात मध घातल्यासारखं. इतर मुली खांबापासून पावलं मोजत मागे गेल्या. नीवेस गुडघ्यांवर बसली. पिशवीतून जुने बूट काढून दोन हातांत घेतले आणि ते जमिनीवर चालवायला लागली. उजवा, मग डावा त्याला भिडवून, मग उजवा.

रिकामे बूट गवतावरून चालत निघाले. कुणीतरी अठरा वर्षांची मुलगी त्यांत उभी असावी, दिसत नसावी, आणि नीवेस तिचे घोटे धरून तिला जागेवर पोचवत असावी, असं ते दिसत होतं.

"सिन्योरा, काही हरवलं का?" पंचाने विचारलं.

"सापडलं," नीवेस म्हणाली.

बाकांवरून हशा आला. पोरी एकमेकींना कोपराने ढोसत होत्या. प्रोफ कठड्याशी उभे, ओठांतल्या ओठांत आकडा मोजत होते. शेवटचा बूट टेकला तिथे तिने खडूने खूण केली आणि उठली. गुडघ्यांना चिखल.

आकडा जुना, जागा जुनी, पाय नवे. एक सत्तरला ती दांडीच्या कितीतरी वरून गेली. पंच्याहत्तरला गेली, ऐंशीला गेली. पोरींचा हशा थांबला. एक एक करून त्या गळत गेल्या, गुडघ्यांभोवती हात घालून गवतावर बसल्या आणि बघायला लागल्या. पंच्याऐंशीला शेवटची गळली, आणि नीवेसची दांडी जागेवर राहिली. स्पर्धा संपली. जिंकणारीला पुढची उंची स्वतः सांगायचा मान असतो. पंच टेप घेऊन आला.

"बोला, सिन्योरा. अठ्ठ्याऐंशी? नव्वद?"

नीवेसने खिशातून सुतळी काढली. एका टोकाला गाठ. सकाळी निघताना आईच्या भिंतीवरून, फरशीपासून रेघेपर्यंत, मापून घेतलेली. पूर्वीचं माप चुकलं असेल तर, म्हणून.

"एवढी," ती म्हणाली.

"सुतळीने नाही चालत, सिन्योरा. हे काय पडद्यांचं दुकान आहे? सेंटिमीटर सांगा."

"एक एकोणनव्वद."

"एकोणनव्वदच का?"

"तिथवर पाणी आलं होतं."

पंच जिल्ह्यातलाच होता, पन्नाशीचा.  दांडी त्याने स्वतःच्या हाताने चढवली आणि दोनदा मापली.

दीर्चे बाकांवर तिसऱ्या ओळीत बसली होती, पायांत शेजारणीच्या चपला, मांडीवर आल्बा. लेक उडायला उभी राहिली की ती आल्बाचं टोपडं सारखं करायला लागायची. इतका वेळ तिने एकही उडी पाहिली नव्हती. लोकांच्या आवाजावरून समजायचं तेवढं समजत होती.

पहिली उडी. लोकांनी 'ओह' केलं, आणि दांडी पडल्याचं दीर्चेला कळलं. दुसरी. पाठ गेली, कंबर गेली, टाच लागली. दांडी थोडा वेळ विचार करत हलली आणि पडली.

आता एकच उरली. प्रोफ कठड्यावरून वाकले. तिथे कुणी कुणाला यश चिंतत नाही, दृष्ट लागते. वाईटच बोलायचं असतं.

"लांडग्याच्या तोंडात जा," ते म्हणाले.

"मरो तो लांडगा," नीवेस म्हणाली. ठरलेलं उत्तर. पण आवाज तिचा तिलाच लांबून ऐकू आला.

ती खुणेवर उभी राहिली. धुकं विरत होतं. दांडी दिसत होती, आणि दांडीमागे काहीच नव्हतं. सपाट जमीन, सपाट आभाळ, मधली एक रेघ. तिला वाटलं आपण स्वयंपाकघरात आहोत. टेबलाखाली पाणी हलतंय, थंड, तपकिरी, घाई नसलेलं. पाणी वाईट नव्हतं. त्याच्यावर किती आळ घातले सगळ्यांनी. ते नुसतं इथवर आलं आणि थांबलं.

ती निघाली. पहिली पावलं लांब, मग जवळजवळ, मग वळण, विळ्यासारखं. पाय जमिनीला शेवटचा लागला तेव्हा तिला कळलं, जागा हीच. नखभरही इकडेतिकडे नाही. तिने पाठ केली.

वर काही नव्हतं. खाली काही नव्हतं. पाठीखालून काहीतरी सरकलं, पाण्यासारखं गार, आणि लागलं नाही. फार वेळ गेला. इतका वेळ गेला की कुणीतरी तिला धरून ठेवलं आहे असं तिला वाटलं, दोन तळव्यांवर, कमरेखाली एक, मानेखाली एक. मग तळवे हळूच खाली आले आणि गादी आली.

ती तशीच पडून राहिली. डोक्यावर दांडी होती. हलत नव्हती.

"मेलीस का?" कठड्याजवळून प्रोफनी विचारलं. 

नीवेस कोपरांवर उठली आणि बाकांकडे पाहिलं. लोक टाळ्या वाजवत होते. पण तिसऱ्या ओळीत, सगळ्यांच्या डोक्यांच्या वर, आल्बा हवेत होती. टोपडं एका कानावर आलेलं, पाय झाडत, तोंड पसरून हसत. तिच्याखाली दोन हात, ताठ, कोपरात जराही न वाकलेले. आणि हातांखाली दीर्चे, उभी, डोळे उघडे, समोर बघत. या खेपेला तिने पाहिलं होतं.

"अहो बाई, खाली घ्या ना पोर," मागच्या ओळीतला म्हातारा म्हणत होता. "आम्हाला काही दिसत नाही. काय झालं, गेली का ती वरून?"

"गेली," दीर्चे म्हणाली. पण हात खाली घेतले नाहीत.

नीवेस खिळ्यांचे बूट काढून अनवाणी बाकांवर चढून गेली, एका एका माणसाची क्षमा मागत, एकाच्या टोपीवर पाय देत. आईपाशी पोचली. लेकीला घेण्यासाठी हात वर केले, तेव्हा आईचे तळवे तिच्या तळव्यांखाली आले.

"सोड आता, आई. मी धरलंय."

दीर्चेने सोडलं. हात खाली यायला वेळ लागला. ती बाकावर बसली आणि दंड चोळायला लागली.

"दुखतायत गं," ती नवल वाटून म्हणाली.

"तेव्हा नव्हते ना दुखले?"

"तेव्हा तू दोन महिन्यांची होतीस." दीर्चेने आल्बाकडे पाहिलं, जी आता नीवेसच्या छातीवरच्या क्रमांकाच्या कापडाला चावत होती. "ही दोन वाट्या पोलेंता खाते."